नवमीचा घास

इंदुमती वासनिकला अन्न गिळता येत नव्हतं, आणि त्याचं कारण कुठल्याच कागदावर येत नव्हतं.

पाणी जायचं. चहा जायचा. पातळ वरण घोट घोट करत जायचं. पण पोळीचा तुकडा, चावून चावून त्याचं पीठ केलं तरी, घशात एका ठरलेल्या जागी येऊन थांबायचा. ती जागा तिला बोटाने दाखवता यायची. गळ्याच्या खळगीच्या दोन बोटं वर. तिथे आतून कुणी मूठ आवळून बसलं आहे असं तिला वाटे. मग ती उठे, मोरीशी जाऊन घास थुंके, चूळ भरे आणि परत ताटाशी येऊन बसे, कारण समोर मोनाली जेवत असे आणि आई उठली की तिचाही हात थांबे. वर्षभरात इंदुमतीचं वजन अकरा किलोंनी उतरलं. भांडी घासताना बांगड्या आपोआप निसटून फेसात पडू लागल्या.

हे जयपुरातलं, २००६ च्या ऑगस्टातलं. रेल्वेच्या दवाखान्यात तिला खडू कालवल्यासारखं पांढरं औषध पाजून घशाचे फोटो काढले. मग दिवा लावलेली नळी आत घालून बघितलं. रिपोर्ट मिळायचे होते त्या दिवशी जनार्दनने अर्धी रजा काढली. तो रेल्वेच्या मुख्यालयात हेडक्लार्क होता. लोकांच्या बदल्यांच्या आणि रजांच्या फायली वाचण्यात इतकी वर्षं गेली होती की समोरच्याच्या हातातला कागद त्याला उलट्या बाजूनेही वाचता येई. डॉक्टरीणबाई बोलायच्या आधीच त्याने तो वाचला. 'नॉर्मल' हा शब्द त्याला तीनदा दिसला.

"सब साफ़ है," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "न गाँठ, न घाव, न सूजन."

"तो फिर मैडम, है क्या?"

त्यांनी इंदुमतीकडे बघून विचारलं, "पिछली बार ठीक से कब खाया था? कोई एक दिन याद है?"

इंदुमतीला तो दिवस लगेच आठवला. मे महिन्यात चुलतबहिणीच्या लग्नाला पुलगावला जाताना कोटा स्टेशनावर तिने कचोरी घेतली होती. अख्खी खाल्ली, आणि बोटं चाटली. बोटं चाटताना तिच्या लक्षात आलं आणि ती इतकी घाबरली की मोनालीने "आई, तिखट आहे क्या?" असं विचारलं. पुढे आठ दिवस माहेरी ती भाकरी, झुणका, लग्नातला भात, सगळं जेवली. वडील समोर बसून तिला जेवताना बघत होते. "काय वं पोरी," ते एकदा म्हणाले, "तिकडं जेवत नाही काय तू?"

"याद नहीं," इंदुमतीने डॉक्टरीणबाईंना सांगितलं.

"अरे, मई में गाँव गई थी तब तो—" जनार्दन बोलून गेला. तिने त्याच्याकडे बघितलं. तो थांबला, पण डॉक्टरीणबाईंनी पेन खाली ठेवलं होतं.

"गाँव में खाती थीं?"

"थोड़ा-थोड़ा."

"और यहाँ लौटकर?"

भिंतीवर बाळाला पाजणाऱ्या आईचं चित्र होतं, इंदुमती त्याच्याकडे बघत राहिली.

"देखिए," डॉक्टरीणबाई सावकाश म्हणाल्या, "गले में कुछ नहीं है, इसका मतलब यह नहीं कि आपको कुछ नहीं है. मन पर कोई बोझ हो तो शरीर भी बीमार पड़ता है. नाटक नहीं है यह. तकलीफ़ सच्ची है." त्यांनी एका चिठ्ठीवर दुसऱ्या डॉक्टरांचं नाव लिहून दिलं.

बाहेर आल्यावर जनार्दनने चिठ्ठी उघडली, वाचली आणि घडी घालून खिशात टाकली. "येड्याच्या डॉक्टरकडं पाठवून राहिली ती."

"तुम्ही काहाले मधात बोलले?"

"मी खरं तेच बोललो ना इंदू."

"तेच तं म्हणते मी."

ऑटोत बसल्यावर ती खळगीच्या वरच्या त्या जागेवर बोट ठेवून बसली. गाठ निघाली असती तर बरं झालं असतं, असं तिला वाटत होतं, आणि असं वाटल्याची भीतीही. तिची एक मावशी गाठीनेच गेली होती. त्या मरणाची तिने तयारी करून ठेवली होती. मोनालीच्या वेण्या कोण घालेल, इथपर्यंत तिने विचार केला होता. गाठ म्हणजे बाहेरून आलेली, कापून काढता येणारी वस्तू. आता गाठ नव्हती आणि घास मात्र अडत होता. म्हणजे अडवणारी तीच. आणि कशासाठी, हे तिला माहीत नाही असं ती स्वतःला सांगत होती.

*

जनार्दन वर्ध्याकडचा. रेल्वेचा नवा झोन निघाला तेव्हा बढती मिळते म्हणून त्याने जयपूरसाठी अर्ज केला आणि २००३ च्या उन्हाळ्यात बायको-मुलीला घेऊन आला. क्वार्टरच्या यादीत त्याचा नंबर फार खाली होता. महिनाभर तिघं एका लॉजवर राहिली. मग ऑफिसातले उत्तमराव मदतीला आले. जळगावचे, बारा वर्षं जयपुरात मुरलेले, पान खाऊन ओठ लाल. त्यांनी झोटवाड्यातल्या एका गल्लीत माडीवरच्या दोन खोल्या दाखवल्या. खाली मालकीणबाई, मोहरी देवी, आणि त्यांचा विधुर मुलगा. मुलगा सीतापुऱ्याच्या एका कारखान्यात, सकाळी जायचा तो रात्रीच यायचा.

मोहरी देवींनी चौकटीत बसूनच विचारलं होतं, "कौन लोग हैं?"

जनार्दनने तोंड उघडलं होतं. पण उत्तमराव आधी बोलले. "महाराष्ट्र के ब्राह्मण हैं, माँजी. लहसुन तक नहीं छूते."

मोहरी देवींचा चेहरा असा उजळला की ते खोडून काढायला जनार्दनला जागाच उरली नाही. वाटेत तो चिडला तेव्हा उत्तमराव हसले. "वासनिक, तुम्हाला खोली पाहिजे की खरं पाहिजे? एका भाड्यात दोन्ही मिळत नाही इथं."

"आमी बौद्ध आहो, उत्तमराव."

"मला माहीत आहे हो. त्यांना कशाला माहीत पाहिजे? चार महिन्यांत क्वार्टर मिळेल, मग आहात तसे राहा."

वासनिक हे आडनाव त्या गल्लीत कुणालाच काही सांगत नव्हतं. चार महिन्यांची तीन वर्षं झाली. त्या वर्षांत त्या घराने शिकून घेतलेल्या गोष्टी अशा : बाबासाहेबांचा फोटो कपाटाच्या दाराला आतून. लसूण परातीखाली झाकून. अंडी विद्याधर नगरच्या दुकानातून आणायची आणि टरफलं जनार्दनच्या डब्याच्या पिशवीतून ऑफिसात न्यायची. चौदा एप्रिलला इंदुमती रंगीत साडी नेसून घरातून निघे, पांढरी पिशवीत घेई, आणि जयंतीला जाताना स्टेशनवरच्या बायकांच्या वेटिंग रूममध्ये बदले. संध्याकाळी परत तिथेच रंगीत. शेजारी बसलेल्या प्रवासिणी तिच्याकडे बघत. कुठल्या गाडीची वाट न बघता ही बाई फक्त कपडे बदलून जाते, हे त्यांना कळत नसे.

मोनालीला मात्र फार सांगावं लागलं नाही. ती पहिल्या वर्षातच फाड फाड हिंदी बोलू लागली आणि शाळेतून आली की थेट खाली. "दादी, आज क्या बनाया?"

कारण मोहरी देवी वाईट नव्हत्या. तेच अवघड होतं. त्या पासष्टीच्या, गुडघ्यांनी हैराण, दिवसभर एकट्या. त्यांची सून सुशीला चार वर्षांपूर्वी तापात गेली होती. तिच्या फोटोला रोज ताजा हार. फोटोतली सुशीला इंदुमतीच्याच वयाची, एका बाजूला मान कललेली, जणू फोटोवाला काही सांगतोय आणि तिला ऐकू येत नाही. इंदुमतीला मोहरी देवी 'बीनणी' म्हणत, सून. उन्हाळ्यात बाजरीची ताकातली राबडी वर पाठवत. इंदुमतीला ताप आला तर कपाळावर मिठाच्या पाण्याच्या घड्या ठेवायला गुडघे धरत जिना चढून येत.

२००४ च्या पितृपक्षात त्या वर आल्या आणि म्हणाल्या, "बीनणी, नवमी को नीचे जीमना है तुझे."

सवाष्ण म्हणून गेलेल्या बाईचं श्राद्ध नवमीला. त्या दिवशी एका सवाष्ण ब्राह्मणीला जेवू घालायचं. तिने खाल्लं की ते मेलेल्या बाईला पोचतं. दरवर्षी येणारी बाई मुलाकडे कोट्याला निघून गेली होती. "घर में ही ब्राह्मणी बैठी है, तो बाहर क्यों ढूँढूँ?"

इंदुमती नाही म्हणू शकली नाही. काय सांगून नाही म्हणणार? नवमीच्या दुपारी खाली तिला पाटावर बसवलं. मोहरी देवींनी परातीत तिचे पाय ठेवून धुतले, पदराने पुसले, कपाळाला कुंकू लावलं. खीर, पुरी, भोपळ्याची भाजी. तिने खाल्लं. निघताना ब्लाउजपीस आणि दक्षिणा हातात दिली आणि म्हातारी तिच्या पाया पडली. इंदुमती वर आली आणि रात्रीपर्यंत तिने पायांना साबण लावला नाही. कुणीतरी इतक्या मायेने धुतले होते. ते धुवून टाकावंसं तिला वाटलं नाही, हे तिने कुणालाही सांगितलं नाही. जनार्दनला तर नाहीच.

तिच्या वडिलांना, ज्ञानोबांना, यातलं काही माहीत नव्हतं. ते पुलगावच्या गिरणीत आयुष्य काढलेले. विशीत नागपूरला जाऊन दीक्षा घेऊन आलेले. बावीस प्रतिज्ञा त्यांनी मुलीकडून पाढ्यांसारख्या पाठ करून घेतल्या होत्या. श्राद्ध करणार नाही, ही त्यातलीच एक.

२००५ च्या फेब्रुवारीत ते लेकीकडे आले. आल्या आल्या भिंतींवर नजर फिरवली.

"फोटो कुठं हाये बाबासाहेबाचा?"

"काच फुटली होती बाबा. टाकली हाये बसवाले."

ज्ञानोबा "बरं" म्हणाले. तिसऱ्या दिवशी ते जिन्याच्या वरच्या पायरीशी उन्हात खाट टाकून बसले होते. पांढरं धोतर, पांढरी टोपी. मोहरी देवी ताटलीत लाडू घेऊन चढून आल्या, ताटली खाटेवर ठेवली आणि पदर हातात धरून त्यांच्या पायांना हात लावला. "पंडितजी, आशीर्वाद दो. छोरे का घर फिर से बस जाए."

सत्तर वर्षांत त्या पायांना असा हात कुणी लावला नव्हता. ज्ञानोबांनी पाय झटकन खाटेखाली ओढून घेतले. मग "सुखी रहो, माय," म्हणाले. मोहरी देवी खाली गेल्या. इंदुमती दारात उभी होती.

"मी इथं कोण आहो, इंदू?"

ते ओरडले नाहीत, रागावले नाहीत. परतीचं तिकीट बदलून दोन दिवस आधी निघाले. शेवटच्या सकाळी ताट वाढलं तेव्हा "भूक नाही" म्हणाले. गाडी सुटताना खिडकीतून म्हणाले, "तब्येतीले जप."

त्याच वर्षीच्या नवमीला इंदुमती दुसऱ्यांदा पाटावर बसली. पाय धुतले, कुंकू लागलं. पहिला घास गेला. दुसरा थांबला. त्या वेळी तिला काहीसुद्धा आठवलं नव्हतं, असं ती शपथेवर सांगू शकली असती. ना बाप, ना प्रतिज्ञा. फक्त घास थांबला. तिने तांब्याभर पाणी पिऊन पुढचं सगळं कसंबसं खाली ढकललं, वर येऊन उलटी केली, आणि पोट बिघडलं असं सांगितलं.

तेव्हापासून तो थांबतच होता.

*

दवाखान्यातून आल्यावर तीन आठवड्यांनी पितृपक्ष लागला.

या तीन आठवड्यांत मोहरी देवींनी नजर काढली. काळा दोरा बांधला. कुठल्याशा बालाजीचा अंगारा पाण्यातून दिला. रोज दुपारी दलिया शिजवून वाटी घेऊन त्या जिना चढत. एका पायरीवर दोन्ही पाय ठेवायचे, मग पुढची पायरी. इंदुमती आत बसून पावलं मोजत असे. पाचव्या पायरीला गळा आवळू लागे.

"मुँह खोल," मोहरी देवी चमचा पुढे करत म्हणत. "इतना सा. मेरी सुशीला भी ऐसे ही नखरे करती थी."

मग एका दुपारी, रिकामी न झालेली वाटी परत घेताना, त्या म्हणाल्या, "सोलह तारीख को नवमी है. तू बैठ जाना बस. दो कौर ले लेना. बीमार है तो क्या हुआ, पितर समझते हैं."

संध्याकाळी जनार्दन आला. ती म्हणाली, "मी नाही बसणार."

त्याने बूट काढता काढता वर बघितलं. "बिमार हाये म्हण ना मंग."

"म्हटलं. चालते म्हणते. दोनच घास खा म्हणते."

"तं खा दोन घास." त्याने हे रागाने म्हटलं नाही. तो खाली बसला, दोन्ही बूट हातात. "इंदू, ऐक. यादीत माझा चौथा नंबर हाये. दिवाळीनंतर तीन क्वार्टर खाली होऊन राहिले. एक जण नाही म्हणन तं आपलंच. मंग तू काय सांगाचं ते सांग तिले. आता शाळेच्या मधात मोनालीले घेऊन कुठं जाऊ मी?"

"मी काय म्हणाले की जा म्हणून?"

"मंग काय म्हणते तू?"

काय म्हणायचं ते तिला नीट माहीत नव्हतं. पकडले जाऊ ही भीती जुनी होती. ती तीन वर्षं सोबत होती आणि पहिली दोन वर्षं तिने जेवू दिलं होतं. वडिलांचं दुःख होतं, पण तेही अर्धंच. उरलेलं अर्धं वेगळं होतं आणि ते तिला आता, बूट हातात धरून बसलेल्या नवऱ्याकडे बघताना, पहिल्यांदा शब्दांत आलं.

"म्हातारीले खरं वाटते ते," ती म्हणाली. "मी खाल्लं की तिच्या सुनेले भेटते. आपल्याले नाही वाटत. पण तिले वाटते."

"मंग? तिले वाटते तं तिच्यासाठी खाल्लं असं समज."

"मी तिले फसवून राहिली. घरासाठी फसवलं ते येगळं. हे मेलेल्या माणसाचं हाये."

जनार्दनने बूट भिंतीशी नीट लावून ठेवले. बराच वेळ लावत होता. "तुले डॉक्टरीण जे म्हणाली," तो भिंतीकडे बघत म्हणाला, "ते हेच काय?"

"मले नाही माहीत."

"हेच असन, अन् तू सांगून टाकलं, तं जाईल घास?"

"मले काय माहीत?" तिचा आवाज चढला. "मी काय डॉक्टर हावो? नाही गेला तं? घर बी गेलं अन् घास बी नाही गेला तं?"

पलीकडच्या खोलीतून मोनाली म्हणाली, "पप्पा, झगडा करून राहिले का तुम्ही?" आणि दोघंही एकदम "नाही" म्हणाली.

पुढचे चार दिवस दोघांनी तो विषय काढला नाही. जनार्दन मात्र रोज ऑफिसातून परतल्यावर यादीचं सांगे. एकाने नकार दिला. नाही, दिला नाही, देईल. उत्तमराव साहेबांशी बोलणार आहेत. इंदुमती ऐकत असे. तिला आता वरणही जाईनासं झालं होतं. नुसती पेज. एका सकाळी थुंकीचा घोटही अडला आणि तिने खिडकीचे गज धरले.

*

नवमीला शनिवार होता. मोनालीची सकाळची शाळा, जनार्दन ऑफिसात. मोहरी देवींच्या मुलाने त्या दिवशी सुट्टी घेतली होती. तो मागच्या अंगणात गायीसाठी आणि कावळ्यासाठी पानं वाढून ठेवत होता. खाली तुपाचा वास भरला होता. इंदुमतीने ठरवलं होतं की उतरताना शेवटच्या पायरीवर काय ते ठरवायचं. शेवटची पायरी आली आणि गेली.

पाट मांडलेला होता. समोर सुशीलाचा फोटो खुर्चीवर ठेवला होता, हार घालून. "आ, आ," मोहरी देवी म्हणाल्या. इंदुमती बसली. तिचे पाय त्यांनी उचलून परातीत ठेवले. पाणी कोमट होतं. या वर्षी त्यांनी ते मुद्दाम तापवलं होतं, आजारी आहे म्हणून.

ते कोमट पाणी पायांना लागलं आणि इंदुमती म्हणाली, "माँजी, पैर मत धोइए."

"क्यों? ठंडा है?"

"मैं ब्राह्मणी नहीं हूँ."

मोहरी देवी हसल्या. "बुखार है कांई तुझे?"

"हम बौद्ध हैं. बाबासाहेब के लोग. उत्तमरावजी ने झूठ बोला था, और हम चुप रहे. तीन साल चुप रहे."

मोहरी देवींचे हात पाण्यात होते. त्यांनी ते वर घेतले आणि मग त्यांना ते कुठे ठेवायचे ते कळेना. पदराला पुसायला नेले आणि थांबवले. अंगापासून दूर, दोन्ही बाजूंना, ओले हात तसेच धरून त्या उकिडव्या बसून राहिल्या. इंदुमतीने ते हात बघितले. असे हात तिने लहानपणी पुलगावात बघितले होते आणि त्याबद्दल तिच्या मनात इतक्या वर्षांचा राग तयार होता. तो उसळून वरही आला. पण त्या हातांच्या वर जो चेहरा होता त्याच्यावर किळस नव्हती. तो हिशेब न लागणाऱ्या माणसाचा चेहरा होता.

"पिछले साल भी तू ही बैठी थी," मोहरी देवी म्हणाल्या.

"हाँ."

"उससे पहले भी."

"हाँ, माँजी."

"तो मेरी सुशीला दो साल से भूखी है."

कुणी मेलेलं भुकेलं नसतं, हे इंदुमती लहानपणापासून शिकली होती आणि आजही तिला तेच खरं वाटत होतं. ते खरं या ठिकाणी काही कामाचं नव्हतं. ती पाय परातीतून काढून उठली. फरशीवर ओली पावलं उमटत ती जिन्याकडे गेली. मागून मोहरी देवींनी मुलाला हाक मारली, तीही ओरडून नाही. "जा, पीछे वाली गली से किसी को ले आ. जो मिले. जल्दी जा."

वर येऊन इंदुमती दार लावून बसली. खालून आवाज येत राहिले. मुलाचा चढलेला आवाज, मग कुणी नवी बाई आल्याचा, पाट सरकवल्याचा, मग कितीतरी वेळ काहीच नाही. मोनाली शाळेतून आली ती रडवेली. "आई, दादीने दरवाजा नाही खोलला. मतलब मी काय केलं?"

"तू काही नाही केलं."

चार वाजता इंदुमतीला भूक लागली. ती भूक तिने आधी ओळखलीच नाही. वर्षभरात तिची सवय गेली होती. तिने भाकरी टाकली, लसणाची चटणी वाटली, आणि उभ्या उभ्या तुकडा तोंडात घातला. चावला. त्या ठरलेल्या जागेपाशी येईपर्यंत ती श्वास धरून राहिली. घास गेला. दुसरा गेला. तिसराही गेला. खाली एक म्हातारी सुनेच्या फोटोपुढे बसली आहे, रात्री नवऱ्याला काय सांगायचं ते माहीत नाही, महिन्याभरात डोक्यावर छप्पर असेल की नाही ते माहीत नाही, आणि आपल्या घशाला यातल्या कशाचीच पर्वा नाही. अख्खी भाकरी संपली. तिला त्या भुकेची लाज वाटली आणि तिने दुसरी टाकली.

जनार्दन आला तेव्हा मोहरी देवींचा मुलगा जिन्याखालीच थांबला होता. "महीने के आख़िर तक खाली कर दीजिए," तो म्हणाला. मग बोलायचं नव्हतं ते बोलल्यासारखं पुढे म्हणाला, "मुझे फ़र्क नहीं पड़ता. माँ को पड़ता है."

जनार्दन वर आला. त्याने बायकोकडे बघितलं, मग चुलीशेजारच्या ताटाकडे. भाकरीचा पापुद्रा उरला होता.

"तू खाल्लं हे?"

"दोन खाल्ल्या."

त्याला रागवायचं होतं आणि त्याला आनंदही झाला होता, आणि दोन्ही एकाच वेळी चेहऱ्यावर बसेना. "उद्या परत गेला नाही घास तं?" शेवटी त्याने विचारलं.

"तं नाही गेला," इंदुमती म्हणाली.

दुसऱ्या दिवशी सकाळी जिन्यावर पावलं वाजली. एका पायरीवर दोन्ही पाय, मग पुढची पायरी. जनार्दन खोल्या बघायला बाहेर गेला होता. इंदुमती दारात येऊन उभी राहिली. मोहरी देवी वर पोचल्या, भिंतीला हात टेकून दम खाल्ला. हातात वाटी नव्हती. उंबऱ्याच्या बाहेरच थांबल्या.

"एक बात पूछनी है. सच बताना."

"पूछिए."

"जब तू जीमी थी, मन में नाम लिया था उसका? सुशीला का?"

इंदुमतीला कळलं की हो म्हटलं तर म्हातारी ते घेऊन खाली जाईल आणि रात्री झोपेल. ते एवढं सोपं होतं. तिने आवंढा गिळला.

"पहले साल लिया था," ती म्हणाली. "फोटो देखकर. मेरी उम्र की थी, इसलिए." हे खरं होतं. "दूसरे साल नहीं लिया. दूसरे साल मुझे किसी का ध्यान नहीं था."

मोहरी देवी तिच्याकडे बघत राहिल्या. ओठ हलत होते, जणू काही मोजत होत्या. मोजून झालं.

"तो एक साल पहुँचा," त्या म्हणाल्या.

मग वळल्या आणि भिंत धरून उतरू लागल्या. पहिली पायरी त्यांना नेहमी अवघड जायची. इंदुमती तिथे त्यांचा कोपर धरत असे. तिचा हात पुढे झाला आणि अर्ध्यात थांबला. म्हातारी तो घेईल की नाही, हे तिला माहीत नव्हतं.